बारा व्रते आणि त्यांचे अतिचार: गृहस्थाने सुरुवात कोठून करावी?

प्रश्न असा आहे: घर, नोकरी आणि मुलेबाळे सांभाळणाऱ्या माणसाने श्रावकधर्म, म्हणजे जैन गृहस्थाचा आचारधर्म, पाळायचा म्हणजे नेमके काय करायचे? प्रश्नकर्त्यांनी कंदमुळे सोडली आहेत, रात्रीचे जेवण सोडले आहे, दर वर्षी पर्युषण पर्वात त्यांचे उपवास होतात. तरीही स्वभावात फरक पडलेला नाही, राग तसाच आहे आणि पैशाची ओढही तशीच आहे, असे त्यांनी प्रांजळपणे लिहिले आहे. बारा व्रते घ्यावीत असे त्यांच्या मनात येते, परंतु घेतलेले व्रत मोडले तर अधिक पाप लागेल या धास्तीने ते मागे सरतात.

स्वाध्यायाच्या वर्गात हा प्रश्न वेगवेगळ्या शब्दांत मी अनेक वर्षे ऐकत आलो आहे. माझ्या अनुभवाने त्याचे कारण बहुतेक वेळा एकच निघते: व्रतांची नावे आपल्याला पाठ असतात, पण त्यांचे अतिचार आपण वाचलेले नसतात. अतिचार म्हणजे व्रत पूर्ण मोडत नाही, पण त्याला डाग लागतो असे वर्तन. तत्त्वार्थसूत्राच्या सातव्या अध्यायात प्रत्येक व्रताचे पाच अतिचार सांगितले आहेत, आणि दुकान, शेत, नोकर, ठेव, वजनमाप, गप्पागोष्टी असा गृहस्थाचा सगळा दिवस त्यांत आलेला आहे. साधूला ठेव परत करायची नसते आणि तराजूही धरायचा नसतो. हे सारे आपल्यासाठीच लिहिले गेले आहे, आणि आपणच ते वगळून पुढे जातो.

अतिचारांकडे वळण्यापूर्वी एक गैरसमज दूर केला पाहिजे. गृहस्थाचा धर्म हा दुय्यम आहे, खरी साधना दीक्षा घेतल्यावरच सुरू होते, असे अनेकांना मनातून वाटत असते. आचार्य समंतभद्रांनी रत्नकरंडश्रावकाचारात स्पष्ट म्हटले आहे की निर्मोही गृहस्थ मोक्षमार्गावर उभा आहे, मोहग्रस्त मुनी नाही, आणि अशा मुनीपेक्षा तो गृहस्थ श्रेष्ठ आहे. चौदा गुणस्थानांमध्ये, म्हणजे आत्म्याच्या प्रगतीच्या पायऱ्यांमध्ये, व्रती श्रावकाचे स्थान पाचवे, म्हणजे देशविरत (पापापासून अंशतः निवृत्त) हे आहे. देवगतीतील जीव कितीही वैभवशाली असले तरी चौथ्याच्या पुढे जाऊ शकत नाहीत, कारण त्यांना व्रत घेता येत नाही. उलट मन असलेले पंचेंद्रिय पशुपक्षी पाचव्यापर्यंत पोहोचू शकतात असे कर्मग्रंथ सांगतात. व्रत घेण्याची शक्ती ही केवढी मोठी गोष्ट मानली गेली आहे, हे यावरून ध्यानात येईल.

श्वेतांबर पंथाच्या आगमांतील, म्हणजे मूळ धर्मग्रंथांतील, उपासकदशांगात आनंद श्रावकाची कथा आहे. आयुष्याच्या शेवटी, अनशनात असताना, आनंदाने भगवान महावीरांचे गणधर, म्हणजे प्रमुख शिष्य, गौतमस्वामींना आपल्याला झालेल्या अवधिज्ञानाची (इंद्रियांच्या मदतीशिवाय दूरचे जाणणाऱ्या ज्ञानाची) व्याप्ती सांगितली. गृहस्थाला एवढ्या व्याप्तीचे ज्ञान होत नाही, तू या विधानाची आलोचना कर, म्हणजे चूक कबूल करून प्रायश्चित्त घे, असे गौतमस्वामी म्हणाले. तेव्हा आनंदाने नम्रपणे विचारले की जे सत्य आहे त्याचे प्रायश्चित्त घ्यावे लागते का. गौतमस्वामी भगवान महावीरांकडे गेले, आणि भगवंतांनी निर्णय दिला तो आनंदाच्या बाजूने; तेव्हा बेल्याचे, म्हणजे लागोपाठ दोन उपवासांचे पारणे बाकी असतानाच गणधर गौतम परत गेले आणि त्यांनी एका गृहस्थाची क्षमा मागितली. ज्या परंपरेने ही घटना आदराने जपली, ती गृहस्थाला कमी लेखत होती असे कोणी म्हणू नये.

आता व्रतांकडे येऊ. पाच अणुव्रते (अहिंसा, सत्य, अचौर्य, ब्रह्मचर्य आणि परिग्रहपरिमाण), त्यांना बळ देणारी तीन गुणव्रते आणि सरावाची चार शिक्षाव्रते अशी एकूण बारा. गुणव्रते आणि शिक्षाव्रते यांच्या क्रमवारीत आचार्यांमध्ये थोडा फरक आहे. देशव्रत (ठरावीक काळ ठरावीक क्षेत्राबाहेर न जाणे) कोणी गुणव्रतांत धरतात तर कोणी शिक्षाव्रतांत, आणि भोगोपभोगपरिमाणाचेही, म्हणजे वापराच्या वस्तूंना मर्यादा घालण्याच्या व्रताचेही, तसेच आहे. पाळणाऱ्याच्या दृष्टीने त्याने काहीच अडत नाही, म्हणून मी त्यात शिरत नाही.

अहिंसाणुव्रताची मर्यादा नीट समजून घेतली नाही तर माणूस एक तर घाबरतो किंवा स्वतःला फसवतो. हिंसा चार प्रकारची मानली जाते: संकल्पी, आरंभी, उद्योगी आणि विरोधी. ठरवून, मारण्याच्याच हेतूने केलेली ती संकल्पी. स्वयंपाक, झाडलोट, बांधकाम यांत होणारी आरंभी. शेती-व्यवसायात होणारी उद्योगी. आणि स्वतःचे, कुटुंबाचे किंवा देशाचे रक्षण करताना होणारी विरोधी. गृहस्थ पूर्णपणे सोडतो ती त्रस, म्हणजे हालचाल करणाऱ्या, जीवांची संकल्पी हिंसा. उरलेल्या तीन प्रकारांत त्याने यतना ठेवायची असते, म्हणजे पाहून, गाळून, झाकून आणि गरजेपुरतेच वागायचे असते. श्वेतांबर परंपरेत गृहस्थाचे प्रत्याख्यान, म्हणजे त्यागाची प्रतिज्ञा, साधारणपणे दोन करण आणि तीन योगांचे असते: मनाने, वाणीने आणि कायेने स्वतः करणार नाही व दुसऱ्याकडून करवणार नाही. घरात राहून अनुमोदनेपासून पूर्ण सुटणे शक्य नसते, हे आचार्यांना ठाऊक होते, म्हणून त्यांनी ती वाट मोकळी ठेवली. ही सवलत प्रामाणिकपणासाठी दिलेली आहे. न जमणारी प्रतिज्ञा घेऊन रोज खोटे पडण्यापेक्षा जमणारी घेऊन ती काटेकोर पाळावी, हा श्रावकाचाराचा स्वभावच आहे.

आता अहिंसेचे अतिचार पाहा: बंध, वध, छेद, अतिभारारोपण आणि अन्नपाननिरोध. बांधून ठेवणे, मारहाण करणे, अवयव तोडणे, शक्तीपेक्षा जास्त ओझे लादणे, आणि वेळेवर अन्नपाणी न देणे. जुन्या टीकांमध्ये बैल आणि दासदासी यांची उदाहरणे येतात. आज आपल्याकडे बैल नसेल, पण घरकामाला येणारी बाई असते, गाडी चालवणारा माणूस असतो, दुकानातला पोऱ्या असतो, कार्यालयात आपल्या हाताखालचे सहकारी असतात. सूर्यास्तापूर्वी आपले जेवण व्हावे म्हणून स्वयंपाकघरात सगळ्यांची धावपळ होते, आणि त्याच वेळी गाडीवाला दुपारपासून उपाशीपोटी खाली थांबलेला असतो. शास्त्राच्या भाषेत आपण त्या क्षणी रात्रीभोजनत्याग पाळला आणि अहिंसाणुव्रताला अन्नपाननिरोधाचा डाग लावला. हाताखालच्या माणसाला रात्री उशिरापर्यंत फोन करून काम करून घेणे हे अतिभारारोपण आहे. पाणी गाळून पिणाऱ्या माणसाने याकडेही तितक्याच बारकाईने पाहिले पाहिजे, असे मी आग्रहाने सांगतो.

यावरून आहाराचे नियम कमी महत्त्वाचे आहेत असा अर्थ कृपया काढू नये. मद्य, मांस, मध यांचा त्याग आणि वड, पिंपळ, उंबर आदी पाच उदुंबर फळांचा त्याग हे अनेक आचार्यांनी मूलगुण म्हणून सांगितले आहेत; मूळच नसेल तर वर काही उगवणार नाही. रात्रीभोजनत्याग, अनंतकायाचा (कंदमुळांसारख्या, अनंत जीव असलेल्या वनस्पतींचा) त्याग, गाळलेले पाणी अंतर्मुहूर्त म्हणजे 48 मिनिटांच्या आत वापरणे, हे नियम शरीराला रोज आठवण करून देतात की आपल्या प्रत्येक घासामागे जीव आहेत. अडचण एवढीच की ही आठवण जेवणाच्या ताटापाशी थांबते आणि पैशाच्या व्यवहारापर्यंत येत नाही. प्रश्नकर्त्यांचे हेच झाले आहे असे मला वाटते.

सत्य आणि अचौर्य या दोन व्रतांच्या अतिचारांवर मी वर्गात सर्वांत जास्त वेळ देतो. सत्याच्या अतिचारांत न्यासापहार हा एक आहे. ठेव बुडवणे हा त्याचा अर्थ नाही, ती तर उघड चोरी झाली. टीकाकारांनी दिलेला प्रसंग फार सूक्ष्म आहे: एकाने आपल्याकडे काही रक्कम ठेवली, काळाने तो आकडा विसरला आणि येऊन त्याने कमी रक्कम मागितली, तेव्हा आपण खरा आकडा ठाऊक असूनही ‘हो, एवढेच होते’ म्हणून तेवढेच दिले. आपण खोटी कागदपत्रे केली नाहीत, नकारही दिला नाही, फक्त त्याच्या विस्मरणाला होकार भरला. एखाद्या ग्राहकाने एकाच बिलाचे पैसे चुकून दोनदा पाठवले आणि त्याच्या लक्षात येईपर्यंत आपण गप्प राहिलो, तर तो हाच न्यासापहार आहे. कूटलेखक्रिया म्हणजे खोटा लेख करणे: मागची तारीख घालून केलेला करार, प्रवास न करता लावलेले प्रवासाचे बिल, करासाठी दाखवलेली खोटी भाडेपावती. रहोभ्याख्यान म्हणजे कोणाच्या एकांतातल्या गोष्टी बाहेर सांगणे, आणि साकारमंत्रभेद म्हणजे चेहऱ्यावरून, हावभावावरून दुसऱ्याच्या मनातले ओळखून ते मत्सराने उघड करणे. खासगी संभाषणाचा स्क्रीनशॉट तिसऱ्याला पाठवताना सत्यव्रताला डाग लागतो, हे किती जणांच्या मनात येते? मजकूर खरा असतो, म्हणून आपल्याला वाटते की सत्य शाबूत आहे.

अचौर्याचे पाच अतिचार तर थेट बाजारपेठेतले आहेत. चोराला उद्युक्त करणे, चोरीचा माल घेणे, राज्याच्या नियमांविरुद्ध व्यवहार करणे, वजनमापांत कमीजास्त करणे, आणि अस्सलमध्ये नक्कल मिसळणे. मूळ शब्दांत सांगायचे तर स्तेनप्रयोग, तदाहृतादान, विरुद्धराज्यातिक्रम, हीनाधिकमानोन्मान आणि प्रतिरूपकव्यवहार. पावती न करता केलेली विक्री, चोरून मिळवलेला चित्रपट किंवा सॉफ्टवेअर, भेसळ हे सर्व या पाचांत बसते, त्यासाठी नवा नियम शोधावा लागत नाही. आचार्य हेमचंद्रांनी बाराव्या शतकात योगशास्त्रात मार्गानुसारी गृहस्थाचे 35 गुण सांगितले, आणि त्यांतला अगदी पहिला गुण आहे न्यायसंपन्नविभव, म्हणजे न्यायाने मिळवलेले धन. व्रतांच्याही आधीची ही पायरी आहे. अन्यायाने मिळवलेल्या पैशातून मंदिराला देणगी दिल्याने हा क्रम उलटत नाही. जो असे दान करतो त्याची श्रद्धा मी नाकारत नाही. परंतु दान ही कमाईची शुद्धी नाही, हे त्याला कोणीतरी स्पष्ट सांगितले पाहिजे, आणि समाजाच्या संस्थांनीही देणगी घेताना हे लक्षात ठेवले पाहिजे.

ब्रह्मचर्याणुव्रत म्हणजे स्वदारसंतोष, आणि स्त्रियांसाठी स्वपतिसंतोष. त्याबद्दल येथे एवढेच सांगतो की पडद्यावर पाहिलेले आणि मनात घोळवलेले हेही तीन योगांच्या हिशेबात येते.

परिग्रहपरिमाण हे व्रत मात्र प्रश्नकर्त्यांनी सर्वांत आधी हाती घ्यावे, असे मला मनापासून वाटते, कारण त्यांनी स्वतःच पैशाची ओढ लिहिली आहे. तत्त्वार्थसूत्रकारांनी परिग्रहाची व्याख्या ‘मूर्च्छा’ अशी केली आहे: वस्तूभोवती ‘माझे, माझे’ म्हणत गुंतलेले मन. मग वस्तूंचे परिमाण कशाला ठरवायचे, मनातली आसक्ती गेली म्हणजे झाले, असे काही जण म्हणतात. हे ऐकायला छान वाटते, पण मी आजवर पाहिले आहे की आसक्ती मोजता येत नाही आणि म्हणून ती कधी कमी केलीही जात नाही. वस्तू मोजता येतात. आनंद श्रावकाने व्रत घेतले तेव्हा त्याच्याकडे चार कोटी सुवर्णमुद्रा ठेवीत, चार कोटी व्यापारात आणि चार कोटी घरातील वैभवात होत्या, दहा-दहा हजार गाईंचे चार व्रज, म्हणजे कळप, होते, पाचशे नांगरांची शेती होती. यांतले त्याने काहीच टाकले नाही. आहे एवढे पुरे, यापुढे एकही वाढवणार नाही, असे त्याने आकडे सांगून भगवंतांसमोर जाहीर केले. एवढ्या श्रीमंताचे ते व्रत सोपे होते असे वाटेल, पण ज्याचा व्यापार रोज वाढत होता त्याने वाढीचे दार बंद केले. पुढचे सारे उत्पन्न त्याला मर्यादेबाहेर, म्हणजे इतरांसाठीच सोडावे लागणार होते. भोगोपभोगाचे परिमाण करताना तर तो आणखी बारकाव्यांत गेला: दातवणाला ओले ज्येष्ठमध, अंग पुसायला एकच सुगंधी वस्त्र, अंघोळीला आठ घडे पाणी. एवढ्या लहान लहान गोष्टी मर्यादेत आल्या की मनाला रोज दहा ठिकाणी ‘पुरे’ म्हणायची सवय लागते.

या व्रतातून निसटण्याच्या वाटाही आचार्यांनी ओळखून ठेवल्या आहेत. दोन शेतांची मर्यादा घेतलेला माणूस शेजारचे तिसरे शेत विकत घेतो, मधले कुंपण काढून टाकतो आणि म्हणतो की माझी शेते दोनच आहेत. गाभण जनावरातला गर्भ मोजायचा नाही, मर्यादेबाहेरचे धन मुदत संपेपर्यंत दुसऱ्याकडे ठेवायचे, अशा युक्त्या हेमचंद्रांनी अतिचार म्हणून नोंदवल्या आहेत. आज आपण लगतची सदनिका घेऊन मधली भिंत पाडतो, किंवा मुलाच्या नावावर गुंतवणूक करतो. समंतभद्रांनी या व्रताच्या अतिचारांत ‘अतिविस्मय’ सांगितला आहे: दुसऱ्याचा नफा किंवा वैभव पाहून मनाने थक्क होत राहणे, त्यातून स्वतःचे असलेले फिके वाटणे. मर्यादा आकड्यांनी पाळली जात असेल आणि डोळे सतत इतरांच्या घरांवर, गाड्यांवर, सहलींच्या छायाचित्रांवर असतील, तर व्रताला वाळवी लागली आहे असे समजावे.

यालाच जोडून अनर्थदंडविरती येते. अर्थ म्हणजे प्रयोजन. ज्यात आपले काहीच प्रयोजन नाही असे पाप ते अनर्थदंड. त्याचे पाच प्रकार आहेत: पापोपदेश, हिंसादान, अपध्यान, दुःश्रुती आणि प्रमादचर्या. कोणाला फसवावे कसे याचा सल्ला देणे, हिंसेची साधने पुरवणे, दुसऱ्याचे वाईट चिंतणे, मन गढूळ करणाऱ्या गोष्टी ऐकत-वाचत राहणे, आणि विनाकारण पाणी सांडणे, पाने तोडणे, भटकणे. पोटासाठी करावे लागते म्हणून आरंभी-उद्योगी हिंसेला निदान कारण तरी असते. या पाचांना तेही नाही, आणि तरी बांधले जाणारे कर्म खरेच असते. प्रश्नकर्त्यांनी एक दिवस आपल्या भ्रमणध्वनीवर काय पाहिले आणि पाहताना मनात काय आले हे तपासावे. भांडणाऱ्या चर्चा, कोणाच्या तरी फजितीची चित्रफीत, अपरिचित माणसाबद्दल मनात उठलेला तिरस्कार: दुःश्रुती आणि अपध्यान यांची दिवसाकाठची बेरीज आपल्या व्यवसायातील हिंसेपेक्षा मोठी निघण्याची शक्यता आहे. उपवासाच्या दिवशी भूक विसरावी म्हणून हेच पाहत बसणारी माणसे मी पाहिली आहेत, आणि उपवास करूनही राग का जात नाही, याचे एक उत्तर तेथेच आहे. उपवासात चारही प्रकारच्या आहारांबरोबर पाच पापे (हिंसा, असत्य, चोरी, अब्रह्म आणि परिग्रह), अलंकार आणि आरंभ यांचाही त्याग समंतभद्रांनी सांगितला आहे. तो दिवस स्वाध्यायाचा आणि ध्यानाचा असतो.

ज्यांना प्रकृतीमुळे उपवास झेपत नाही त्यांनी मनाला लावून घेऊ नये. बाह्य तपाच्या सहा प्रकारांत अनशनानंतर लगेच अवमौदर्य, म्हणजे भुकेपेक्षा कमी खाणे, आणि पुढे रसपरित्याग, म्हणजे तूप-दुधासारखे रस सोडणे, येतो. मधुमेही, गर्भवती आणि वृद्ध यांनी वैद्यांना विचारून या वाटा धराव्यात. आणि अंतरंग तपांत वैयावृत्त्य आहे, म्हणजे सेवा. अंथरुणाला खिळलेल्या आईवडिलांची सेवा करणाऱ्याला प्रवचनाला जाता आले नाही, तर त्याने ती सेवाच त्या दिवसाचे तप समजून, चिडचिड न करता करावी.

सामायिकाबद्दल थोडे सांगतो. दोन घटिका, म्हणजे 48 मिनिटे, सर्व सावद्य, म्हणजे पापयुक्त, क्रिया थांबवून समतेत बसणे हे सामायिक. मन लागत नाही ही तक्रार सर्वांचीच असते. पुणिया श्रावकाची परंपरेने आलेली कथा मला येथे फार उपयोगी वाटते. सूत कातून पोट भरणारा हा माणूस सामायिकासाठी प्रसिद्ध होता. एके दिवशी त्याचे मन स्थिर होईना, तेव्हा त्याने आसन, माळ किंवा जागा यांना दोष दिला नाही. आज घरात अन्यायाचे काही आले आहे का, असे पत्नीला विचारले. आठवून पाहता तिने वाटेवरच्या, दुसऱ्याच्या मालकीच्या गोवऱ्या उचलून आणून त्यावर स्वयंपाक केला होता असे निघाले. सामायिकात मन अस्थिर झाले तर त्याचे मूळ पुष्कळदा त्या 48 मिनिटांच्या बाहेर असते. तेव्हा आसन बदलण्यापूर्वी दिवसभराचा व्यवहार तपासावा.

रागाचा प्रश्न राहिला. कर्मग्रंथांत कषायांचे, म्हणजे क्रोध, मान, माया आणि लोभ यांचे, चार स्तर आहेत, आणि श्वेतांबर परंपरेने त्यांच्या टिकण्याच्या मुदतीही सांगितल्या आहेत: संज्वलन पंधरा दिवस, प्रत्याख्यानावरण चार महिने, अप्रत्याख्यान एक वर्ष आणि अनंतानुबंधी जन्मभर. पाक्षिक, चातुर्मासिक आणि सांवत्सरिक प्रतिक्रमण, म्हणजे दोष कबूल करून त्यांतून मागे फिरण्याचे विधी, याच मुदतींशी जुळतात. व्रती श्रावकाच्या मनात चार महिन्यांपेक्षा जुने वैर राहता कामा नये, आणि वर्षाहून अधिक काळ धरून ठेवलेले वैर श्रद्धेलाच तडा देते. दिगंबर पंथाच्या ग्रंथांत यांतल्या पहिल्या तीन स्तरांच्या मुदती आणखी आखूड आहेत. म्हणून राग येतो का, हा प्रश्न गृहस्थाने स्वतःला विचारून फारसे हाती लागत नाही. तो किती दिवस राहतो हे मोजावे. ‘मिच्छा मि दुक्कडम्’चा (माझे दुष्कृत्य मिथ्या होवो, असा) क्षमेचा संदेश शेकडो जणांना एकाच वेळी पाठवण्यापूर्वी, ज्या भावाशी किंवा भागीदाराशी वर्षभर बोलणे नाही त्या एकाकडे जावे. खमावणे, म्हणजे क्षमा मागणे, तेथेच कठीण असते आणि त्याची गरजही तेथेच असते.

शेवटी व्रत मोडण्याच्या भीतीबद्दल. समंतभद्रांनी यम आणि नियम असा भेद केला आहे: जन्मभरासाठी घेतो तो यम, ठरावीक काळासाठी घेतो तो नियम. आज, एक रात्र, पंधरवडा, महिना, ऋतू, सहा महिने अशा मुदती त्यांनी स्वतः सांगितल्या आहेत. श्वेतांबर परंपरेतील नवकारसी, म्हणजे सकाळी काही न खाण्यापिण्याचा नियम, तर सूर्योदयानंतर केवळ 48 मिनिटांची असते. शिवाय तेथील पच्चक्खाणाच्या (प्रत्याख्यानाच्या) पाठातच आगार, म्हणजे सवलती, गुंफलेल्या आहेत: विस्मरणाने झाले तर, अचानक घडले तर, आजारात समाधी टिकवण्यासाठी करावे लागले तर पच्चक्खाण भंग होत नाही. आचार्य अमितगतींनी ढळण्याच्याही चार पायऱ्या केल्या आहेत: अतिक्रम म्हणजे मनाची शुद्धी कमी होणे, व्यतिक्रम म्हणजे शीलाची मर्यादा ओलांडायला निघणे, अतिचार म्हणजे विषयात प्रवृत्त होणे, आणि अनाचार म्हणजे त्यात पूर्ण बुडणे. पहिल्या तीन पायऱ्यांवरून परत येता येते, आलोचना आणि प्रतिक्रमण त्याचसाठी आहे. अनाचार झाला तरी गुरूंकडे जाऊन प्रायश्चित्त घेऊन पुन्हा व्रत घेता येते. व्रतच न घेतल्याने पापातून सुटका होत नाही; अविरती, म्हणजे पापापासून निवृत्त न होणे, हे स्वतःच कर्मबंधाचे कारण आहे.

तेव्हा प्रश्नकर्त्यांनी आज बारा व्रते एकदम घेऊ नयेत. चालू असलेला आहाराचा नियम तसाच ठेवून त्यांनी दोन नियम चार महिन्यांसाठी घ्यावेत. पहिला परिग्रहाचा: घर, जमीन, सोने, गुंतवणूक, वाहने आणि कपडे यांची आजची यादी करून त्यावर तारीख घालावी, या काळात कशातही भर घालणार नाही असे ठरवावे, आणि वाढलेले उत्पन्न कोठे जाईल हेही त्याच कागदावर लिहावे. हे जोडीदाराशी बोलून करावे, कारण घर दोघांचे असते आणि एकाच्या व्रताचा भार दुसऱ्यावर न विचारता टाकणे योग्य नाही. दुसरा नियम अनर्थदंडाचा: दिवसाचा एक ठरलेला भाग भ्रमणध्वनीशिवाय, आणि त्याच वेळेत जमेल तेवढ्या मिनिटांचे सामायिक. रात्री झोपण्यापूर्वी अहिंसा, सत्य, अचौर्य या तीन व्रतांचे पंधरा अतिचार एकेक करून वाचावेत आणि आज कोणता घडला ते पाहावे. व्रत अजून घेतलेले नसले तरी वाचावेत. चार महिन्यांनी नियम पूर्ण झाला की जवळच्या महाराजांकडे किंवा ज्यांच्यावर आपली श्रद्धा आहे अशा व्रती श्रावकाकडे ती यादी घेऊन जावे, काय पाळले गेले आणि काय नाही ते मोकळेपणाने सांगावे, आणि पुढचा नियम त्यांच्या साक्षीने घ्यावा.